लास नावास दे तोलोसाची दोन दिवसांची टूर: नक्की करा, पण उबेदा स्वतः जोडा

आधी निकाल सांगते, मग बाकीचं. टूर चांगली आहे, गाइड तर फारच चांगली होती, पैसे वसूल झाले. पण टूर जिथे संपते तिथे ती लढाई, स्पेनमधले ख्रिश्चन राजे आणि मुसलमान अलमोहाद यांची १२१२ मधली, संपत नाही, आणि ते मला इतकं लागलंय की एवढं लांबलचक लिहायला बसलेय. कंपनीचं नाव देत नाही, कुणाचं नाव खराब करायचं नाहीये, आणि खाली लिहिलंय ते तुम्ही कुणाहीबरोबर गेलात किंवा स्वतःची गाडी घेऊन गेलात तरी उपयोगी पडेल.

आम्ही तिघं होतो, मी, नवरा आणि सांगलीहून आलेली माझी आई. आम्हाला माद्रिदमध्ये चार वर्षं झाली. आईला सेव्हिल, ग्रानादा सगळं दाखवून झालं होतं, ती म्हणाली आता इमारती पुरे झाल्या गं, जरा चालायला मिळेल असं काहीतरी दाखव. वय ६७ आहे पण रोज चार किलोमीटर चालते. म्हणून ही टूर घेतली, टोलेडोहून सुरू होते, आठ जणांची व्हॅन, दोन दिवस, मधली एक रात्र ला करोलिनाला, माणशी १९० युरो, त्यात हॉटेल आणि नाश्ता, जेवणं आपली आपण. जुलैचा पहिला आठवडा होता. सगळ्यांनी वेड्यात काढलं की या दिवसांत तिकडे कोण जातं, पण लढाईच १६ जुलै १२१२ ला झाली ना, मग तिथलं ऊन अंगावर घेतल्याशिवाय काय कळणार असं मला वाटत होतं, आणि ते खरंच निघालं.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. टोलेडो १०८५ मध्येच ख्रिश्चन राजांच्या हातात आलं होतं. दक्षिणेला अंदलुस मुसलमान सत्तेखाली होतं आणि आपण बोलतोय त्या काळात ती सत्ता अलमोहादांची होती, मोरोक्कोच्या ॲटलास डोंगरातून उठलेले बर्बर लोक, राजधानी मराकेश. या दोघांच्या मध्ये ला मान्चाचं सपाट मैदान आणि मैदानाच्या शेवटी सिएर्रा मोरेनाची डोंगररांग. म्हणजे सरहद्द ही काही एखादी रेघ नव्हती, दीडशे-दोनशे किलोमीटरचा पट्टाच होता, त्यात मोजके किल्ले, नदीचे उतार आणि मेंढरं. ज्याच्याकडे किल्ले त्याच्याकडे रस्ता, आणि ज्याच्याकडे घाट त्याच्याकडे पुढचं सगळं. ही टूर नेमकी त्याच पट्ट्यातून जाते, १२१२ चं सैन्य ज्या क्रमाने गेलं साधारण त्याच क्रमाने, आणि हीच या टूरची सगळ्यात मोठी जमेची बाजू आहे. पुस्तकात ही नावं मी वाचली होती पण एकापुढे एक रस्त्यावर लागल्यावर त्यांचा अर्थ लागायला लागतो.

सुरुवात टोलेडोच्या कॅथीड्रलमध्ये. मुख्य वेदीच्या भागात एका मेंढपाळाचा पुतळा आहे, तो लढाईत वाट दाखवणारा मेंढपाळ असं मानतात. गाइडने तिथेच सांगून टाकलं की हा माणूस लक्षात ठेवा, उद्या दुपारी लागणार आहे. छान वाटलं मला ते. मग १२१२ च्या वसंतात पोप इनोसंट तिसऱ्याच्या हाकेवर हे शहर पिरेनीज डोंगरापलीकडून, म्हणजे फ्रान्सकडून, आलेल्या क्रूसेडवाल्यांनी, म्हणजे पोपने पुकारलेल्या धर्मयुद्धाला निघालेल्यांनी, कसं भरून गेलं ते सांगितलं, आणि हेही सांगितलं की त्या पाहुण्यांनी आल्या आल्या पहिला हल्ला केला तो टोलेडोमधल्या ज्यू लोकांवर, शहरातल्याच सरदारांनी मध्ये पडून त्यांना वाचवलं. आईला मी मराठीत सांगत होते, ती एवढंच म्हणाली, "लढायला आले होते कुणाशी आणि मारतात कुणाला."

२० जूनला सैन्य टोलेडोहून निघालं. आम्ही निघालो सव्वानऊला, ठरलं होतं साडेआठ. व्हॅन उशिरा आली, कारण सांगितलं नाही, माफी मागितली. या पाऊण तासाची किंमत पुढे मोजावी लागली, ते येईलच.

पहिली तक्रार मालागोनची. सिउदाद रेआलच्या रस्त्यावरच हे गाव लागतं, व्हॅन थांबली नाही. गाइडने खिडकीतून हात करून सांगितलं की २४ जूनला पुढे असलेल्या फ्रेंच तुकडीने इथला किल्ला घेतला आणि आतल्या लोकांची कत्तल केली. एक वाक्य, आणि गाव मागे गेलं. आईने विचारलं की आतले म्हणजे शिपाईच का बायकापोरंपण? गाइडने प्रामाणिकपणे सांगितलं की मोहिमेबद्दल लिहिणाऱ्यांना त्यात फार रस नव्हता. पाच मिनिटं गाडी थांबवून उतरून उभं राहता आलं असतं तिथे, काही बघायला नसेना का. पुढचं सगळं समजायला मालागोन फार महत्त्वाचं आहे, कारण पुढच्याच मुक्कामी तसं झालं नाही आणि त्यावरून ख्रिश्चन सैन्यच फुटलं.

तो पुढचा मुक्काम म्हणजे कालात्रावा ला व्हिएहा, जुनं कालात्रावा. मला विचाराल तर दोन दिवसांतली सगळ्यात सुंदर जागा. ग्वादियाना नदीच्या काठावर सपाट माळावर तटबंदीचं अख्खं शहर आहे, आता पडकं, पण बुरूज उभे आहेत आणि नदीचं पाणी फिरवून खंदकात आणायची जी सोय अंदलुसी लोकांनी केली होती ती अजून डोळ्यांनी कळते. इथली गोष्ट ऐकण्यासारखी आहे. टेम्पलर या ख्रिश्चन लढाऊ संघाच्या लोकांनी आम्हाला हे सांभाळणं जमणार नाही म्हणून किल्ला राजाला परत केला, तेव्हा ११५८ मध्ये फितेरोचा मठाधिपती रायमुंदो पुढे आला, मी सांभाळतो म्हणाला, आणि त्यातून लढणाऱ्या संन्याशांचा कालात्रावा संघ जन्माला आला. ११९५ मध्ये हे अलमोहादांकडे गेलं आणि १२१२ मध्ये परत आलं. नदीच्या उतारात अलमोहादांनी चार टोकांचे लोखंडी काटे टाकून ठेवले होते, कसेही पडले तरी एक टोक वरच राहणारे, घोड्यांच्या खुरात आणि माणसांच्या पायात घुसायला. सैन्य त्यातून पार झालं, पण एवढा मजबूत किल्ला वेढा घालून घ्यायला वेळ नव्हता, धान्य संपत आलेलं, म्हणून तह झाला. आतले लोक जीव घेऊन निघून गेले.

आणि इथेच दोन्हीकडची गणितं फिरली. फ्रेंचांना हा तह मान्य नव्हता, त्यांना मालागोनसारखंच हवं होतं, त्यात हे ऊन, त्यात खायचे वांधे. बहुतेक सगळे उठून घरी चालते झाले. नार्बोनचा आर्चबिशप आर्नो आमाल्रिक आणि त्याच्याबरोबरचे थोडे तेवढे थांबले. मी साडेअकराला त्या तटावर उभी होते, सावलीला पाठ टेकायला भिंतीचा कोपरा शोधत होते, बाटलीतलं पाणी गरम झालेलं, आणि अंगावर फक्त सुती कुर्ता. लोखंडी कड्यांचं चिलखत घालून इथे दिवस काढायचे म्हणजे काय हे मला त्या कोपऱ्यात कळलं. म्हणूनच म्हणते जुलैमध्येच जा, टोपी, मीठ-साखरेचं पाणी आणि पूर्ण बाह्यांचे कपडे घेऊन जा, पण जा.

दुसऱ्या बाजूला काय झालं ते तर अजून वाईट. कालात्रावाचा मुसलमान किल्लेदार इब्न कादिस माणसं वाचवून अलमोहादांचा राजा, खलिफा अल-नासिर, याच्याकडे पोचला आणि खलिफाने किल्ला का सोडलास म्हणून त्याला मारून टाकलं. तो अंदलुसी होता. आधीच आफ्रिकेतून आलेले अलमोहाद आणि इथले अंदलुसी यांचं फारसं पटत नव्हतं, त्यात आपल्या माणसाला असं मारलेलं बघून अंदलुसी तुकड्यांचं मनच उडालं, आणि लढाईच्या दिवशी आधी त्याच मागे फिरल्या असं मुसलमान इतिहासकारांनीच लिहून ठेवलंय. अल-मर्राकुशी नावाचा इतिहासकार तर सांगतो की सैनिकांचे पगार थकले होते म्हणून त्यांनी मनापासून तलवारी उपसल्याच नाहीत. हे सगळं गाइडने नदीकाठी उभं राहून सांगितलं आणि ते इतकं नीट सांगितलं की बरोबरचे दोन म्हातारे स्पॅनिश आजोबा, जे सकाळपासून आमचे शूर राजे आमचे शूर राजे करत होते, ते गप्प ऐकत राहिले. पण या जागेला मिळाली फक्त ४० मिनिटं. सकाळचा उशीर इथून कापला गेला. इथे किमान दीड तास पाहिजे, तुमची टूर कमी वेळ देत असेल तर आधीच भांडा.

मग आलार्कोस. टेकडीवर देऊळवजा चर्च, खाली ग्वादियाना, आणि जुलै ११९५ मध्ये कॅस्टीलचा राजा अल्फोन्सो आठवा इथे अल-नासिरच्या बापाकडून, याकूब अल-मन्सूरकडून, साफ हरला. किल्ला अजून बांधून होत होता, तटाचा पायाच खणलेला. उत्खननात त्या पायाच्या चरातच माणसांची आणि जनावरांची हाडं, बाणांची पाती असं सगळं एकत्र सापडलंय. बांधायला घेतलेली भिंत आणि तिच्यातच पुरलेली माणसं, मला तिथे बोलवेना. राजा जेमतेम काही स्वारांनिशी टोलेडोला पळाला. त्याचा सरदार दिएगो लोपेथ दे आरो याने किल्ला शत्रूच्या हवाली केला. ही दोन्ही माणसं लक्षात ठेवा, १७ वर्षांनी दोघंही परत आली, राजा ५६ वर्षांचा होऊन आणि दिएगो लोपेथ सगळ्यात पुढच्या फळीचा सेनापती होऊन. सैन्य इथे पोचलं तेव्हा नवाराचा राजा सांचो सातवा साधारण २०० सरदार घेऊन येऊन मिळाला. त्याचं आणि अल्फोन्सोचं जुनं वैर, तरी आला. आरागॉनचा पेद्रो दुसरा आधीपासून बरोबर होताच.

जेवण आल्माग्रोला. बुकिंग करताना दोनदा लिहिलं होतं की आम्ही तिघं शाकाहारी, उत्तर आलं होतं की व्यवस्था होईल, तिथे गेल्यावर कुणाला काही माहीत नाही. गाइड स्वतः आत गेली, स्वयंपाकघरात बोलली आणि पिस्तो घेऊन आली, म्हणजे टोमॅटो, ढोबळी मिरची, कांदा मंद आचेवर शिजवून केलेली भाजी, वर अंडं घालतात ते न घालता. आणि आल्माग्रोची वांगी! लहान लहान वांगी व्हिनेगर, जिरं, लसूण आणि लाल तिखटात मुरवलेली. आईने पहिला घास घेतला आणि म्हणाली हे तर लोणचंच आहे की, आणि दोन बरण्या विकत घेतल्या, सांगलीला न्यायच्या म्हणून. जेवणाचे गुण कापते कंपनीचे, वांग्यांचे नाही.

संध्याकाळी कालात्रावा ला नुएव्हा, नवं कालात्रावा, उंच डोंगरावर. हे लढाईनंतरचं, १२१७ पासून बांधलेलं. समोरच्या टेकडीवर साल्व्हातिएर्रा. हा संघाचा शेवटचा दूरवरचा किल्ला होता, १२११ चा अख्खा उन्हाळा खलिफाच्या एवढ्या मोठ्या सैन्याने त्याच्या वेढ्यात घालवला आणि शेवटी तो पडला. किल्ला गेला पण त्या वर्षीची मोहीमही संपली, आणि कॅस्टीलला तयारीला एक हिवाळा मिळाला. दोन्ही किल्ले एकमेकांकडे बघत उभे आहेत, मध्ये फक्त दरी. वर जायचा रस्ता दगडी आणि खडबडीत आहे, गुडघे दुखणाऱ्यांनी काठी न्या. इथे गाइडने संघांची चिन्हं दाखवली, त्यात सांतियागो संघाचा तलवारीच्या आकाराचा लाल क्रॉस. हा संघही १२१२ ला मैदानात होता. आणि १५१० मध्ये आदिलशाहीकडून गोवा घेणारा आफोन्सो द आल्बुकेर्क याच सांतियागोच्या नावाच्या संघाचा होता, १५१५ मध्ये गोव्याच्या बंदरात मेला तेव्हा त्याला संघाच्याच पोशाखात पुरलं. मी हे सांगितल्यावर आई बराच वेळ त्या क्रॉसकडे बघत राहिली. आमचं आजोळ सावंतवाडीकडचं, पोर्तुगीज म्हटलं की आमच्या घरात अजून बोलण्याचा सूर बदलतो.

दुसऱ्या दिवशी खरं मैदान. सकाळी सांता एलेनाचं लढाईचं म्युझियम, २००९ मध्ये उघडलेलं, हायवेला लागून. लहान आहे पण मनापासून केलंय, आणि त्याचा मनोरा चुकवू नका, वर चढलात की सिएर्रा मोरेनाची रांग समोर, एका बाजूला देस्पेन्यापेर्रोसचा घाट आणि खाली ज्या टेकड्यांवर दोन्ही छावण्या होत्या त्या. गाइडने तिथे अर्धा तास नुसतं बोटाने दाखवत समजावलं आणि आईलासुद्धा माझ्या भाषांतराशिवाय कळत होतं, कारण घाट म्हणजे काय हे आम्हाला कुणी शिकवावं लागत नाही.

गोष्ट अशी. सैन्य उत्तरेकडून मुरादालच्या खिंडीत चढलं, कास्त्रो फेर्रालचा छोटा किल्ला घेतला, पण पुढे ला लोसाची अरुंद वाट अलमोहादांनी अडवलेली. दगडांच्या मध्ये एकावेळी थोडेच लोक जातील अशी. पुढे जावं तर मरण, मागे जावं तर फ्रेंच गेलेले, धान्य संपलेलं, मागे फिरलेलं सैन्य परत जमत नसतं. तेव्हा एक स्थानिक माणूस आला आणि म्हणाला पश्चिमेकडून दुसरी वाट आहे, मला ठाऊक आहे, मी तिथे जनावरं चारलीत. दिएगो लोपेथ आणि आणखी एक सरदार जाऊन बघून आले, वाट खरी होती. १४ जुलैला सगळं सैन्य डोंगराच्या आतून फिरून मेसा देल रेय, म्हणजे राजाचं पठार म्हणतात त्या सपाट माथ्यावर उतरलं, खलिफाच्या छावणीसमोर. अल्फोन्सो राजाने पोपला लिहिलेल्या पत्रात त्याला देवाने पाठवलेला एक गावकरी म्हटलंय, नाव नाही. मार्तिन आलाहा हे नाव आणि वाटेवर गाईची कवटी ठेवली होती ही कथा नंतरची. माद्रिदवाले तर म्हणतात तो आमचा संत इसिद्रो होता, ज्याची जत्रा आम्ही दर १५ मे ला बघतो. मला वाटतं तो जो कोण असेल तो रोज त्या वाटेने जाणारा साधा माणूस होता, आणि तीन राजांच्या सैन्याला जे माहीत नव्हतं ते त्याला माहीत होतं. एवढं पुरे आहे, त्याला संत करायची गरज नाही.

त्या डोंगरात आम्ही साधारण पाच किलोमीटर चाललो. जुन्या दगडी फरसबंदीचा तुकडा लागतो, मग हारा नावाची चिकट पानांची झुडपं, उन्हात त्यांचा असा राळेसारखा वास सुटतो की कपड्यांना दोन दिवस राहिला. वर गिधाडं. सावली फार कमी. आई सगळ्यांच्या पुढे होती, गाइडला विचारत होती की घोडे यातून कसे आणले असतील, आणि ओझ्याची जनावरं, आणि पाणी कुठे होतं. बरोबर प्रश्न होते सगळे. टूरवाल्यांनी कानात घालायची यंत्रं दिली होती ती इथे खरखरायला लागली आणि शेवटी सगळ्यांनी काढून ठेवली, गाइड मोठ्याने बोलली, तेच बरं झालं.

१५ ला रविवार, विश्रांती. १६ ला सोमवार, पहाटे. आकडे लोक काहीही सांगतात, आत्ताचे बरेच अभ्यासक ख्रिश्चन सैन्य १२ हजारांच्या आसपास आणि अलमोहाद सैन्य त्याहून बरंच मोठं धरतात. तीन फळ्या, मध्ये कॅस्टील, एका बाजूला आरागॉन, दुसऱ्या बाजूला नवारा. दिएगो लोपेथची फळी दरी उतरून समोरची टेकडी चढत गेली आणि चढावरच दमली, वरून बाण, बाजूने हलके स्वार, आलार्कोसला झालं तेच परत व्हायला लागलं. काही शहरी तुकड्या मागे सरकल्या. टोलेडोचा आर्चबिशप रोद्रिगो हिमेनेथ दे रादा राजाच्या शेजारीच होता आणि पुढे त्यानेच ही हकीकत लिहिली, तो सांगतो की राजा म्हणाला आपण दोघं इथेच मरू या. मग मागे राखून ठेवलेली तिसरी फळी, तिन्ही राजे, एकदम चढली. आलार्कोसला ही राखीव फळी वेळेवर नव्हती, हा फरक. खलिफाचा लाल तंबू टेकडीवर होता, भोवती पहारेकऱ्यांचं कडं, ते तुटलं. अल-नासिर पळाला, बाएथावरून हाएनला, आणि पुढच्याच वर्षी मराकेशमध्ये मेला. आर्चबिशप लिहितो की नंतर दोन दिवस छावणीत सरपण म्हणून फक्त शत्रूचे भाले आणि बाण जाळले आणि तरी निम्मे संपले नाहीत. राजाच्या पत्रात आपली माणसं फक्त पंचवीस-तीस मेली असं आहे. त्या चढावर उभं राहून बघितलं की हा आकडा कुणालाही पटणार नाही.

इथे दुसरी मोठी तक्रार. एवढं सगळं नीट सांगणाऱ्या टूरच्या छापील पत्रकात मात्र साखळ्यांनी बांधलेले गुलाम पहारेकरी आणि सात फुटी सांचोने तलवारीने तोडलेल्या साखळ्या, म्हणून नवाराच्या चिन्हात साखळी, हे सरळ इतिहास म्हणून छापलंय. ही चिन्हाची गोष्ट बरीच नंतर जोडलेली आहे. नवारातल्या रोन्सेसव्हायेसला साखळ्या जपून ठेवल्यात, जाऊन बघा, पण पत्रकात निदान असं सांगतात एवढे दोन शब्द टाकायला काय हरकत होती? गाइडला विचारलं तर तिने लगेच मान्य केलं. बुर्गोसच्या लास उएल्गास मठातल्या त्या प्रसिद्ध अलमोहाद निशाणाचंही तेच, लढाईतली लूट म्हणून दाखवतात पण ते नंतरचं असावं असं आता अभ्यासक मानतात, हेही तिनेच सांगितलं.

आणि मग टूर संपली. मेसा देल रेयवर सगळ्यांचा फोटो काढला, विजयाचं बोलणं झालं, व्हॅन वळली. तेव्हा आईने विचारलं, "मग पुढची गावं? तिथल्या लोकांचं काय झालं?" गाइडने आमच्याकडे बघितलं आणि हळू म्हणाली की ते उबेदाला, पण ते आमच्या कार्यक्रमात नाही.

आम्ही ला करोलिनाला उतरलो, परतीचा प्रवास सोडला, त्याचे पैसे परत मिळाले नाहीत, ठीक आहे. टॅक्सी करून तासाभरात उबेदा. सगळीकडे ऑलिव्हची झाडं, क्षितिजापर्यंत ओळीच ओळी. लढाईनंतर सैन्य इकडे आलं तेव्हा बाएथा जवळपास रिकामं होतं, आजूबाजूचे सगळे जीव मुठीत धरून उबेदाच्या तटाआड जमले होते. त्यांनी दहा लाख सोन्याची नाणी देऊ केली, आम्हाला राहू द्या म्हणून. राजे तयार झाले होते. आर्चबिशप मंडळींनी नाही म्हटलं, क्रूसेडमध्ये असा सौदा चालत नाही म्हणून. मग शहर पाडलं, माणसं मारली, उरलेल्यांना गुलाम करून नेलं. त्यानंतर छावणीत रक्ती हगवण पसरली आणि सैन्य परत फिरलं, उबेदा ताब्यात राहिलंसुद्धा नाही, कायमचं यायला आणखी वीसेक वर्षं लागली. कोर्दोबा १२३६, हाएन १२४६, सेव्हिल १२४८, हे सगळं त्या घाटातून उघडलेल्या रस्त्याने. आणि पेद्रो, तो विजयी राजा, पुढच्या वर्षीच्या सप्टेंबरमध्ये फ्रान्समधल्या म्युरेला दुसऱ्या एका क्रूसेडच्या सैन्याशी लढताना मेला, आणि ते क्रूसेड चालवणाऱ्यांत हाच आर्नो आमाल्रिक होता.

आजचं उबेदा फार देखणं आहे, सोनेरी दगडाचे सोळाव्या शतकातले वाडे, २००३ पासून बाएथाबरोबर जागतिक वारसा यादीत. स्पॅनिशमध्ये कुणी मुद्दा सोडून भलतीकडे गेलं की उबेदाच्या डोंगरात हिंडतोय असं म्हणतात, आम्ही ऑफिसमध्ये रोज ऐकतो. संध्याकाळी तटाजवळ दरीकडे तोंड करून बसलो. आईने पर्समधून आल्माग्रोच्या वांग्यांची एक बरणी काढली, बाजूच्या बेकरीतून पाव आणला, आणि जेवताना म्हणाली की त्या लोकांची नावं कुणी लिहिली नाहीत का कुठे. मी नाही म्हटलं. ती म्हणाली मग आपण इथे आलो ते बरं केलं.

गुण द्यायचे तर गाइडला पाचपैकी पाच, मार्गाला पाच, वेळ पाळण्याला दोन, जेवणाच्या व्यवस्थेला एक, पत्रकाला दोन. बुकिंग करताना मालागोनला थांबणार का आणि कालात्रावाला किती वेळ देणार हे लेखी विचारून घ्या, आणि परतीचं तिकीट उबेदाहून काढा.